जिंकल्यानंतर कोण लिहितं? सू होक गी बद्दल जरा नीट बोलूया

10 नोव्हेंबर 2025 ला इंडोनेशियाच्या सरकारनं सुहार्तोंना राष्ट्रीय वीर म्हणून जाहीर केलं. 32 वर्षं देशाच्या मानगुटीवर बसलेला माणूस, 1998 मध्ये पोरांनी संसदेच्या छपरावर चढून घालवलेला, आणि किताब देणारे राष्ट्राध्यक्ष प्राबोवो म्हणजे त्यांचेच एकेकाळचे जावई. त्या दिवशीच्या दहा नावांत सार्वो एधी यांचंही नाव होतं, म्हणजे 1965 मध्ये ज्या कमांडो तुकड्या कम्युनिस्टांचा सफाया करायला मध्य जावात उतरल्या त्यांचे प्रमुख. आणि त्याच यादीत मार्सिना, घड्याळाच्या कारखान्यातली कामगार पोरगी, संपात पुढे होती आणि 1993 मध्ये सुहार्तोंच्याच राजवटीत जिचा हाल हाल करून खून झाला. राजवटीचा मालक आणि त्या राजवटीत मेलेली पोरगी, दोघंही एकाच दिवशी वीर. तेव्हापासून एक जुना वाद परत पेटलाय आणि त्यात सगळेजण सू होक गी या पोराला ओढतायत, कुणी झेंडा म्हणून, कुणी आरोपी म्हणून. हा वाद फार वाईट पद्धतीनं चाललाय असं मला वाटतं म्हणून हे लिहितोय.

ज्यांना हे नाव माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. सू होक गी, जन्म 17 डिसेंबर 1942, जकार्ता, चिनी वंशाचं घर, वडील पत्रकार आणि कादंबरीकार. इंडोनेशिया विद्यापीठात इतिहास शिकला, 1966 च्या ज्या विद्यार्थी आंदोलनानं तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष सुकार्नोंना खाली खेचलं त्यात पुढे होता, मग तिथंच शिकवायला लागला, पेपरात सतत लिहायचा. 16 डिसेंबर 1969 ला, सत्ताविसाव्या वाढदिवसाच्या आदल्या दिवशी, सुमेरू ज्वालामुखीच्या माथ्यावर विषारी वायूनं गेला, चढाईतला एक जोडीदारही त्याच्यासोबत गेला. त्याची डायरी 1983 मध्ये 'चातातान सेओरांग देमोन्स्त्रान' म्हणजे एका निदर्शकाच्या नोंदी या नावानं छापली गेली आणि तेव्हापासून तिथल्या प्रत्येक पिढीची पोरं ती वाचतायत. (तिथं विद्यार्थ्याला 'महासिस्वा' म्हणतात, आपलाच महाशिष्य. तो शब्द पहिल्यांदा कळला तेव्हापासून मला ही सगळी गोष्ट परकी वाटलीच नाही.)

आता वाद काय चाललाय. एक बाजू म्हणते गी म्हणजे संत, निर्मळ, कुठल्याही पक्षाचा नाही, विद्यार्थी असावा तर असा, आंदोलन करावं आणि वर्गात परत जावं. दुसरी बाजू म्हणते कसला संत, याच पोरांनी लष्कराच्या ट्रकात बसून सुहार्तोला गादीवर बसवलं, लाखो माणसांच्या रक्तात यांचेही हात आहेत. आपल्याकडचे काहीजण तर आणखी सोपं करून टाकतात, 'इंडोनेशियाचा भगतसिंग' असा एक मेसेज मला तीन वेगवेगळ्या ग्रुपवर आला. भगतसिंग परक्या राजवटीविरुद्ध लढला आणि फासावर गेला. गीची गोष्ट त्याहून अडचणीची आहे, कारण तो ज्यांच्याशी भांडत मेला ते सत्तेवर आले होते त्याच्या स्वतःच्या मदतीनं. ही अडचण बाजूला सारली की त्याच्याबद्दल बोलण्यासारखं काही उरतच नाही.

माझं म्हणणं आधीच सांगून टाकतो. गी मोठा आहे तो सुकार्नोंविरुद्ध लढला म्हणून नाही, कारण ते त्या वर्षी हजारो पोरांनी केलं. आणि तरुण मेला म्हणूनही नाही. तो मोठा आहे ते 1966 च्या मार्चपासून 1969 च्या डिसेंबरपर्यंतच्या पावणेचार वर्षांसाठी, जेव्हा त्याची बाजू जिंकली होती, दोस्तांना पदं मिळत होती, आणि हा बसून आपल्याच बाजूचा हिशोब लिहीत होता. आंदोलनकर्त्याची परीक्षा आंदोलनात होत नाही, जिंकल्यावर होते.

पण आधी विरोधकांचं जे खरं आहे ते पूर्ण मान्य करू, अर्धवट नाही. 10 जानेवारी 1966 ला विद्यार्थ्यांनी तीन मागण्या मांडल्या, कम्युनिस्ट पक्षावर बंदी घाला, मंत्रिमंडळ बदला, भाव कमी करा. पहिली मागणी कुठली होती ते परत वाचा. सत्तापालटाच्या एका फसलेल्या कटाचं खापर कम्युनिस्टांवर फोडून ऑक्टोबर 1965 पासून जावा आणि बालीत कम्युनिस्ट म्हणून, कम्युनिस्टांचे नातेवाईक म्हणून, किंवा नुसत्या संशयावरून माणसं मारली जात होती. एकूण आकडा साधारण पाच लाख धरतात, काहीजण जास्त. एकट्या बालीत 80,000 च्या आसपास. म्हणजे ज्या पक्षाची माणसं नदीत फेकली जात होती त्या पक्षावर बंदी घाला अशी घोषणा जकार्तातली शिकलेली पोरं देत होती. शिवाय ज्या संघटनेच्या नावानं आंदोलन झालं ती 'कामी' 25 ऑक्टोबर 1965 ला स्थापन झाली ती उच्च शिक्षण मंत्र्याच्या घरी, आणि तो मंत्री लष्करात जनरल होता. सार्वो एधी त्या पोरांचा लाडका होता. त्यांच्या सैनिकांना पोरांनी मिठ्या मारल्या. हे सगळं झालंय, आणि गी त्या गर्दीच्या कडेला नव्हता, आत होता, आखणी करणाऱ्यांत होता. त्याचा गट समाजवादी, सुकार्नोंनी 1960 मध्ये बंदी घातलेल्या शाहरीरांच्या पक्षाच्या जवळचा, आणि त्या गटाचे लष्करातल्या लोकांशी धागे होते. 'पोरं भाबडी होती, त्यांना वापरून घेतलं' असं म्हणून यातून सुटता येत नाही. गी भाबडा नव्हता, इतिहासाचा विद्यार्थी होता. आणि बालीच्या कत्तलीवरचा त्याचा लेख छापून आला डिसेंबर 1967 मध्ये, म्हणजे माणसं मेल्यावर दोन वर्षांनी. ज्याच्या घरचं कुणी त्यात गेलं त्यानं विचारलं की दोन वर्षं कुठे होतास, तर त्याला उत्तर देता येणार नाही.

एवढं मान्य करूनही मी त्याच्या बाजूनं का बोलतोय? कारण आरोप करणारे 1966 च्या जानेवारीकडे 1998 च्या खिडकीतून बघतायत. त्या जानेवारीत उभं राहून बघा. महागाई वर्षाला 600 टक्क्यांच्या वर गेलेली. महिनाभरापूर्वी सरकारनं हजार जुन्या रुपियांचा एक नवा रुपिया केलेला. पेट्रोल आणि बसचं भाडं अचानक कैक पटीनं वाढवलेलं, आणि तिकडे राजवाड्यात शंभर मंत्र्यांच्या नव्या मंत्रिमंडळाची तयारी. 24 फेब्रुवारीला शपथविधी होता तेव्हा पोरांनी रस्त्यावरच्या गाड्यांच्या चाकांतली हवा सोडली, रस्ते तुंबले, मंत्र्यांना हेलिकॉप्टरनं आणावं लागलं, आणि राजवाड्याजवळ गोळी लागून मेडिकलचा एक विद्यार्थी मेला. सुकार्नोंनी 1959 पासून 'मार्गदर्शित लोकशाही' नावाखाली निवडणुका गुंडाळल्या होत्या, पेपर बंद केले होते, शाहरीरांसारख्या माणसाला, जो देशाचा पहिला पंतप्रधान, 1962 मध्ये विनाखटला तुरुंगात टाकलं होतं. या राजवटीविरुद्ध उठणं ही चूक होती? नव्हती. चूक होती ती कुणाच्या खांद्याला खांदा लावून उठलो ते न तपासण्यात. या दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि त्या एकत्र कालवल्या की मग निष्कर्ष असा निघतो की उठायलाच नको होतं, जो प्रत्येक सत्ताधाऱ्याला हवाच असतो.

आणि गीचा राग लष्करानं पढवलेला नव्हता, याचा पुरावा डायरीतच आहे. 4 मार्च 1957 ची नोंद बघा, पोरगा चौदा वर्षांचा. भूगोलाच्या पेपरात त्याला आठ मार्क पडायला हवे होते, मास्तरांनी तीन कापून पाच केले, आणि तो लिहितो की आजच्या दिवशी माझ्या मनातला डूख दगडासारखा घट्ट व्हायला लागला. पुढे एके ठिकाणी लिहितो, ज्या मास्तरला टीका सोसत नाही त्यानं कचऱ्याच्या टोपलीत जावं, 'गुरू बुकान देवा', गुरू म्हणजे देव नव्हे नेहमी बरोबर असायला, आणि विद्यार्थी म्हणजे रेडा नव्हे. यातले दोन शब्द आपल्याला डिक्शनरीशिवाय कळतात, आणि ते वाक्य आपल्या शाळांतही कुणीतरी फळ्यावर लिहून ठेवायला हवं होतं असं मला मनापासून वाटतं. मग 10 डिसेंबर 1959. दुपारी रस्त्यात त्याला एक माणूस आंब्याची साल खाताना दिसतो. भिकारी नाही, साधा माणूस, भुकेला. गीच्या खिशात अडीच रुपिया, तेवढेच होते, तेच देऊन टाकतो. घरी येऊन लिहितो की इथून दोन किलोमीटरवर आपले 'पादुका' कदाचित आपल्या सुंदर बायकांबरोबर हसतखिदळत जेवत असतील. राष्ट्राध्यक्षाला तिथं आदरानं 'पादुका' म्हणायचे, आपण पूजतो त्याच पादुका. आणि शेवटी, दुर्दैवी माणसांनो मी तुमच्या सोबत आहे. सतरा पूर्ण व्हायला आठवडा बाकी होता त्याला. सुहार्तो तेव्हा कुणाच्या गावीही नव्हते.

हे मुद्दाम एवढं सविस्तर सांगितलं कारण त्या आंब्याच्या सालीचा आणि पुढच्या पावणेचार वर्षांचा थेट संबंध आहे. ज्याचा राग एका माणसावर असतो त्याचा राग तो माणूस गेला की संपतो. गीचा राग दोन किलोमीटरच्या अंतरावर होता. 11 मार्च 1966 ला सुकार्नोंच्या सहीचा कागद सुहार्तोंच्या हातात पडला, अधिकार तिकडे गेले, दुसऱ्याच दिवशी कम्युनिस्ट पक्षावर बंदी आली, पोरांची पहिली मागणी मान्य झाली. बाकीच्यांना वाटलं जिंकलो. पुढच्या दोनेक वर्षांत विद्यार्थी पुढारी नियुक्त खासदार म्हणून संसदेत जाऊन बसले. आणि गीला दिसत होतं की अंतर तेवढंच आहे, राजवाड्यात फक्त माणसं बदललीत.

मग त्यानं काय केलं? लिहिलं. बालीत काय झालं ते लिहिलं, अशा काळात जेव्हा बाकीचे पेपर त्यावर गप्प होते आणि मारणारे उघड माथ्यानं फिरत होते. विनाखटला कोंडलेल्या हजारो राजकीय कैद्यांबद्दल लिहिलं, आणि नोकरी-शिक्षणासाठी 'मी 1965 च्या त्या कटात सामील नव्हतो' असा दाखला आणायला लावण्याच्या पद्धतीवर लिहिलं, म्हणजे बापावर संशय म्हणून पोराच्या पोटावर पाय देण्याच्या पद्धतीवर. हे कैदी कोण होते? ज्या पक्षावर बंदीची मागणी त्यानं स्वतः केली होती त्याच पक्षाचे. मला वाटतं इथं थांबून विचार करावा. आपण ज्याला शत्रू म्हटलं त्याला हरवल्यावर त्याच्या बायकापोरांसाठी आपल्याच बाजूशी भांडायला उभं राहणारी किती माणसं आपण बघितलीत? मी तरी फार नाही बघितली. आणि नुसते लेख नाहीत. विद्यापीठातला त्याचा शेवटचा प्रबंध 1948 च्या मादियुनच्या कम्युनिस्ट उठावावर आहे, त्याआधीचा सेमारांगच्या सुरुवातीच्या डाव्या चळवळीवर. पक्षावर बंदी, नाव घेणं धोक्याचं, आणि हा पोरगा त्या माणसांना राक्षस न करता, ती कुठल्या गरिबीतून आली, कुठल्या आशेनं तिकडे वळली, कुठे चुकली हे समजून घेत बसलाय. कम्युनिझम त्याला पटला नाही तो नाहीच. पण न पटणारी माणसंसुद्धा माणसं होती हे त्याला कागदावर आणायचं होतं.

म्हणून दोन वर्षांच्या उशिराचा आरोप मान्य करूनही मी म्हणतो की उशीर आणि मौन यांत फरक आहे. दार उघडताना आत कोण शिरतंय हे ज्याला पूर्ण दिसलं नाही तो एक, आणि सगळं दिसल्यावर, आतल्या माणसाच्या टेबलावर जेवायला बसलेला दुसरा. दोघांना एकाच पिंजऱ्यात उभं केलं की फायदा दुसऱ्याचा होतो, तो म्हणतो बघा सगळेच तसले होते.

फ्रान्सच्या क्रांतीतला काम्यी देमूलाँ आठवतो मला इथं. 12 जुलै 1789 ला पॅरिसमध्ये टेबलावर चढून लोकांना शस्त्रं घ्यायला सांगणारा हाच, दोन दिवसांनी बास्तीय पडलं. चारच वर्षांनी, क्रांती सत्तेत असताना, शाळेतला दोस्त रोबेस्पिएर सर्वेसर्वा असताना, यानं पेपर काढून लिहिलं की संशयावरून तुरुंगात कोंबलेल्यांना सोडा, दया दाखवा. एप्रिल 1794 मध्ये त्याचं डोकं उडवलं. त्याचेही हात आधीच्या हिंसेत स्वच्छ नव्हते, फाशीची भाषा त्यानंही केली होती. तरी इतिहासानं त्याचा शेवटचा पेपर लक्षात ठेवला, आणि बरोबर केलं. आणि आपल्याकडे आगरकर. टिळकांबरोबर डोंगरीच्या तुरुंगात 101 दिवस काढले, म्हणजे लढाईत कमी नव्हते. पण आपल्याच समाजाच्या, आपल्याच मित्रांच्या चुका लिहायला लागल्यावर 'केसरी' सुटला, 1888 मध्ये 'सुधारक' काढला, आणि जिवंतपणी स्वतःची प्रेतयात्रा बघायची वेळ आली. परक्यांविरुद्ध लिहिणाऱ्याला हार मिळतात आणि आपल्यांविरुद्ध लिहिणाऱ्याची तिरडी निघते, हे पुण्यातही तसंच आणि जकार्तातही तसंच.

आता दुसऱ्या बाजूकडे येतो, भक्तांकडे, कारण खरं सांगायचं तर नुकसान त्यांनी जास्त केलंय. ते म्हणतात विद्यार्थी ही नैतिक ताकद, त्यांनी राजकारण करू नये, काम झालं की परत फिरावं. आणि याला आधार गीचाच देतात. त्यानं एके ठिकाणी विद्यार्थ्याला काउबॉय म्हटलंय, दुरून येतो, गावातल्या गुंडाला हरवतो, गावकरी बक्षीस द्यायला लागले, शेरीफ हो म्हणाले तरी थांबत नाही, क्षितिजाकडे निघून जातो, परत गुंड आले तर परत येईन म्हणतो. चित्र सुंदर आहे. पण मला वाटतं गी इथं साफ चुकलाय, आणि त्याची आठवण जपायची तर हे म्हणायलाच हवं. काउबॉय निघून गेला की गाव कोण चालवतं? 1966 मध्ये पोरं क्षितिजाकडे बघत राहिली आणि गावात लष्कर बसलं, आणि ते 32 वर्षं उठलं नाही. लोकांची संघटना नाही, निवडणुकीची व्यवस्था नाही, पर्यायी पक्ष नाही, नुसती नैतिक ताकद घेऊन तुम्ही राजा खाली खेचू शकता, पण खुर्ची रिकामी ठेवता येत नाही, तिच्यावर ज्याच्याकडे बंदूक आहे तो बसतो. 1998 मध्ये परत तेच झालं नाही का? पोरं मेली, त्रिसाक्ती विद्यापीठातली चार पोरं 12 मेला गोळ्यांनी गेली, 21 तारखेला सुहार्तो पायउतार झाले, आणि जुनी माणसं नवे पक्ष काढून निवडणुकीला उभी राहिली. ऑगस्ट 2025 मध्ये खासदारांना घरभाडं म्हणून महिन्याला पाच कोटी रुपिया मिळतात, जकार्ताच्या किमान पगाराच्या जवळपास दहापट, हे बाहेर आलं तेव्हा पोरं परत रस्त्यावर होती, आणि पोलिसांच्या चिलखती गाडीखाली मोटरसायकल टॅक्सी चालवणारा एकवीस वर्षांचा पोरगा मेला. तेच दोन किलोमीटर.

पण भक्तांना हे दिसत नाही की स्वतः गी काउबॉयसारखा वागलाच नाही. तो गेला कुठे क्षितिजाकडे? डोंगरावर जायचा, हो, 1964 मध्ये विद्यापीठात गिर्यारोहकांचा जो क्लब सुरू झाला त्यातला तो एक संस्थापक. पण सोमवारी परत येऊन मंत्र्यांवर लेख लिहायचा. आणि डोंगरावर का जातो हेही त्यानं लिहून ठेवलंय, की घोषणांवर आमचा विश्वास नाही, ढोंगातून देशप्रेम उगवत नाही, ज्याला नीट ओळखतो त्याच्यावरच निरोगी प्रेम करता येतं, म्हणून देश आणि देशाची माणसं जवळून बघायला जातो. यात राजकारण सोडून पळणं कुठे आहे? लेखणीनं राजकारण करणं हेसुद्धा राजकारणच आहे. जो विद्यार्थ्यांना 'राजकारण सोडा, अभ्यास करा' म्हणून गीचं नाव घेतो त्यानं एकतर त्याला वाचलेलं नाही, किंवा वाचून लपवलंय.

तिसरा एक आक्षेप असतो, चहाच्या टपरीवर हमखास येणारा, की सत्तावीसच्या आत मेला म्हणून स्वच्छ राहिला, जगला असता तर तोही खासदार झाला असता. ऐकायला शहाणपणाचं वाटतं. पण मोह साठीत येतो असं कुणी सांगितलं? गीच्या बरोबरीच्यांना मोह चोविसाव्या, पंचविसाव्या वर्षीच आला आणि ते गेले, म्हणजे परीक्षा त्याच्या हयातीतच झाली. डिसेंबर 1969 मध्ये, सुमेरूला निघायच्या आधी, संसदेत बसलेल्या जुन्या दोस्तांना त्यानं आणि मित्रांनी लिपस्टिक, आरसा असं नट्टापट्ट्याचं सामान पार्सल केलं, घ्या, सत्तेपुढे आणखी सुंदर दिसा. आपल्याकडे पुढाऱ्याला बांगड्यांचा आहेर देतात ना, तसंच. बायकांच्या वस्तूंनी पुरुषांना हिणवायची ही रीत मला आवडत नाही, तिथंही नाही आणि इथंही नाही. पण ते पार्सल पाठवल्यावर परतीची वाट उरत नाही हे त्याला कळत असणारच. आणि जगलेल्या माणसाचा दाखला हवाच असेल तर तो त्याच्याच घरात आहे. सख्खा मोठा भाऊ, सू होक जिन, ज्यानं पुढे आरिफ बुदिमान असं नाव घेतलं. तोही 1966 मध्ये होता. 1971 मध्ये सुहार्तोंची पहिली निवडणूक आली तेव्हा 'पांढरा गट' काढून कोऱ्या मताची हाक देणाऱ्यांत हाच होता, पुढे विद्यापीठातली नोकरी गेली, ऑस्ट्रेलियात जाऊन शिकवावं लागलं, 2020 मध्ये वारला. जवळपास ऐंशी वर्षं जगला आणि विकला गेला नाही. तेव्हा 'जगला असता तर' हे वाक्य सांभाळून वापरावं.

एक गोष्ट या वादात जवळजवळ कुणीच बोलत नाही ती म्हणजे तो चिनी होता. 1967 नंतर चिनी शाळा, चिनी सण, चिनी नावं सगळ्यावर दडपण आलं, लोकांनी भराभर नावं बदलली, भावानं बदललं, वडिलांनी बदललं. गी स्वतः चिनी लोकांनी इंडोनेशियन समाजात मिसळून जावं या मताचा, त्या चळवळीत काम केलेला, पण नाव नाही बदललं. म्हणजे प्रत्येक लेखाखाली जी सही होती तीच त्याच्याविरुद्धचा पुरावा होती. निनावी पत्रं यायची, लायकी ओळख चिन्या, आपल्या देशात चालता हो. ज्या पोरानं या देशाच्या उपाशी माणसासाठी खिसा रिकामा केला त्याला देश कुठला ते सांगणारी पत्रं. बहुसंख्याकांतल्या माणसानं सरकारवर टीका केली तर तो बंडखोर, अल्पसंख्याकानं केली तर तो परका, हे वेगळं समजावून सांगायची गरज आपल्याकडच्या वाचकाला तरी नसावी.

आणि लिहून काय झालं असं विचारणारे आहेतच. शेवटच्या दिवसांत त्यानं स्वतःच भावाला हे विचारलं होतं, की मी लिहितो, टीका करतो, दुश्मन वाढतात, दोस्त कमी होतात, परिस्थिती तर बदलत नाही, मग मी करतोय काय, कधीकधी फार एकटं वाटतं. मी याला खोटा दिलासा देणार नाही, त्याच्या हयातीत काहीच बदललं नाही हे खरंच आहे. उलट जानेवारी 1974 मध्ये जकार्तात पोरांचं पुढचं मोठं आंदोलन झालं तेव्हा सरकारनं जे पेपर बंद केले त्यात 'हारियान कामी', 'इंडोनेशिया राया', 'महासिस्वा इंडोनेशिया' होते, गी ज्यांत लिहायचा तेच. पण लिहिण्याचा हिशोब लिहिणाऱ्याच्या आयुष्यात बसवायचा हा नियम कुणी केला? आज बालीच्या कत्तलीवर संशोधन करणारा कुणीही त्याच्या 1967 च्या लेखापाशी येतो. सरकारं 32 वर्षं शाळेच्या पुस्तकांतून जे पुसत होती ते एका पंचविशीच्या पोरानं आधीच लिहून ठेवलं होतं, आणि 2025 मध्ये किताब देऊनही ते पुसता येत नाही.

जकार्तात ताना आबांगला एक जुनी डच दफनभूमी आहे, तिचं आता म्युझियम केलंय, संगमरवरी थडग्यांची बाग. एकदा कामानिमित्त गेलो होतो तेव्हा तिथं जाऊन आलो. दुपारची वेळ, दमट हवा, माणूस नाही. गव्हर्नरांच्या, जनरलांच्या भल्यामोठ्या शिळांमधून शोधत शोधत गेलं की गीचा छोटासा दगड सापडतो, वर एक छोटी देवदूताची मूर्ती. त्याखाली तो नाही. 1975 मध्ये दफनभूमी हलवली तेव्हा मित्रांनी अस्थींचं दहन करून राख पांग्रांगो डोंगरावर मांडालावांगीच्या दरीत नेऊन टाकली, त्या दरीवर त्यानं कविता केली होती. आणि त्याच आवारात काचेमागे एक लाकडी शवपेटी ठेवलीय, सुकार्नोंची. दोघांच्या मध्ये चालत दोन मिनिटंसुद्धा लागत नाहीत.

त्याची आई त्याला नेहमी विचारायची, गी, हे सगळं कशासाठी, नुसते दुश्मन करतोस, पैसा तर मिळत नाही. तो हसून म्हणायचा, आई, तुला नाही कळायचं. डिसेंबर 1969 मध्ये भाऊ मृतदेह घ्यायला मलांगला गेला, तिथल्या पेट्या बनवणाऱ्या सुताराकडे शवपेटी सांगायला गेला. सुतारानं विचारलं कुणासाठी, भावानं नाव सांगितलं. सुतार म्हणाला, पेपरात लिहायचे तेच का? आणि हातातलं काम ठेवून रडायला लागला.